टोकियोच्या कादंबरीतील कामकरी

शहराचा इतिहास राजवाडे नि पूल यांवरून लिहिला जातो. ते बांधणाऱ्यांची कहाणी मात्र बहुधा कादंबरीकारालाच सांगावी लागते.

१९२६ साली टोकियोच्या क्योदो छापखान्यात मोठा संप झाला. त्यात उतरलेले कामगार तोकुनागा सुनाओ यांनी १९२९ साली त्यावर 'सूर्य नसलेली वस्ती' ही कादंबरी लिहिली. संप फसला, पण तिच्यातील कामगार एकटा नाही. संघ, सोबती, शेजारी त्याच्याभोवती आहेत.

यू मिरी यांच्या २०१४ च्या कादंबरीचा नायक १९३३ साली फुकुशिमात जन्मला, पुढे सम्राट झालेल्या आकिहितोंच्याच वर्षी. १९६४ च्या ऑलिंपिकच्या बांधकामावर तो मजूर म्हणून येतो आणि अखेरीस उएनो बागेत ताडपत्रीखाली राहतो. राजघराण्याची स्वारी येणार असली, की ताडपत्र्या हलवाव्या लागतात! सायाका मुराता यांच्या २०१६ च्या कादंबरीतील ३६ वर्षांची स्त्री १८ वर्षे एकाच दुकानात अर्धवेळ राबते. तिची तक्रारही नाही.

तक्रार नाही, मग दुःख कसले, असे कोणी विचारील. आम्ही संघटनेचे काम करणारे. संप हरणे हा पराभव खराच. पण गाऱ्हाणे कोणाजवळ सांगावे हे ठाऊक नसणे, हा त्याहून मोठा पराभव होय. काम हंगामी झाले, की आजचा सोबती उद्या राहील हा भरवसा उरत नाही. आणि भरवशावाचून संघ उभा राहत नाही. म्हणून या तिन्ही कादंबऱ्या एकापाठोपाठ एक वाचाव्यात, असे आम्हांस वाटते.