डॉलरच्या गावातलं पाणी

आपल्यापैकी निम्म्या घरांमधलं कुणी ना कुणी डॉलरमध्ये पगार घेतं. पण या डॉलरचं मूळ गाव कुठलं, असं विचारलं तर बहुतेक जण अमेरिकेकडे बोट दाखवतील. ते गाव आहे चेक प्रजासत्ताकात, जर्मनीच्या सीमेला अगदी खेटून, डोंगरातल्या एका अरुंद दरीत. नाव याखिमोव. जर्मन लोक त्याला योआखिमस्टाल म्हणायचे, म्हणजे संत योआखिमची दरी. १५१६ साली इथे चांदी सापडली. श्लिक नावाच्या सरदार घराण्याने तिची नाणी पाडली, आणि त्या नाण्यांना लोक 'योआखिमस्टालर' म्हणू लागले. एवढं लांबलचक नाव रोजच्या बाजारात कोण घेणार? त्याचं झालं 'टालर', पुढे भाषा बदलत बदलत 'डॉलर'. अमेरिकेने १७९२ साली आपलं नाणं कायद्याने ठरवलं तेव्हा हे नाव आधीच जगभर हिंडून आलेलं होतं.

पण आज लिहायचंय ते नाण्याबद्दल नाही, पाण्याबद्दल. कारण याखिमोवला लोक आज जातात ते किरणोत्सर्गी पाण्यात आंघोळ करायला! होय, मुद्दाम. डॉक्टरची चिठ्ठी घेऊन. सांधेदुखी, मणक्याचे आजार, संधिवात अशा तक्रारी असलेली माणसं तिथे साधारण तीन आठवडे राहतात, रोज वीसेक मिनिटं कोमट पाण्याच्या टबात पडून राहतात. पाण्यात विरघळलेला असतो रेडॉन नावाचा वायू. तोच रेडॉन, जो फुप्फुसाच्या कर्करोगाचं कारण म्हणून जगभरच्या आरोग्य खात्यांच्या यादीत आहे.

मग हे औषध की विष? याचं उत्तर शोधायला त्या गावाचा इतिहास वाचावा लागतो, आणि तो वाचताना माझी तरी झोप उडाली.

चांदी सापडल्यावर दरीत माणसांचा लोंढा आला. वीसेक वर्षांत वस्ती अठरा हजारांच्या घरात गेली. १५२७ मध्ये गावाला एक डॉक्टर मिळाला, गेऑर्ग अॅग्रिकोला. हाच पुढे खाणशास्त्राचा जनक म्हणून ओळखला गेला. त्याचा मोठा ग्रंथ १५५६ साली, त्याच्या मृत्यूनंतर छापला गेला. त्यात खाणकामगारांच्या फुप्फुसाच्या रोगाबद्दल तो लिहितो, आणि कार्पेथियन डोंगरातल्या खाणींजवळ अशा बायका भेटतात की ज्यांनी एकापाठोपाठ सात नवरे केले, असंही सांगतो. सातही नवरे खाणीने खाल्ले. लोकांना वाटायचं भुतं आहेत, धूळ आहे. धूळ होतीच. पण तिच्याबरोबर न दिसणारं, वास नसलेलं आणखी काहीतरी होतं.

चांदी संपत आली तेव्हा खाणीत एक काळा, जड दगड लागायचा. खाणकामगारांनी त्याला 'पेखब्लेंड' नाव दिलं. जर्मनमध्ये 'पेख' म्हणजे डांबर, आणि त्याच शब्दाचा दुसरा अर्थ फुटकं नशीब. काळा दगड लागला की चांदीची शीर संपली, असं समजायचं. १७८९ मध्ये क्लाप्रोथ या रसायनशास्त्रज्ञाने पिचब्लेंडमधून युरेनियम शोधलं. पुढे याखिमोवमध्ये त्यापासून काचेला पिवळा-हिरवा रंग देणारी द्रव्यं बनू लागली. उरलेला चोथा जवळच्या जंगलात फेकून देत. १८९८ च्या सुमारास पॅरिसहून मारी आणि पिएर क्यूरी यांनी हाच चोथा मागवला. पोत्यांतून आलेल्या त्या तपकिरी मातीत पाइनच्या झाडाच्या काड्या मिसळलेल्या होत्या! त्या टाकाऊ मातीतून रेडियम निघालं. मारीने अनेक टन चोथा उकळून, ढवळून १९०२ पर्यंत जेमतेम एक दशांश ग्रॅम रेडियम क्लोराइड वेगळं केलं.

रेडियम म्हणजे त्या काळचा चमत्कार. आणि १९०३ मध्ये जे. जे. थॉमसनला विहिरीच्या पाण्यातही किरणोत्सर्ग सापडला. झालं! युरोपभर गरम झऱ्यांची कुळं तपासली गेली. झऱ्यांच्या पाण्याने बरं का वाटतं, याचं 'शास्त्रीय' उत्तर मिळालं असं सगळ्यांना वाटलं. १९०६ मध्ये याखिमोवच्या खाणीतलं पाणी गावात आणून एका बेकरीवाल्याच्या घरात पहिली स्नानं सुरू झाली. सहा वर्षांत, १९१२ साली, तिथे 'रेडियम पॅलेस' नावाचं राजवाड्यासारखं हॉटेल उभं राहिलं. १९२५ मध्ये स्वतः मारी क्यूरी गाव बघायला आल्या.

आता याच्या शेजारी दुसऱ्या तारखा ठेवून बघा. १८७९ मध्ये सीमेपलीकडच्या श्नेबेर्ग गावातल्या खाणकामगारांवर दोन डॉक्टरांनी लिहिलं होतं की यातले बहुतेक जण फुप्फुसाच्या कर्करोगाने मरतात. १९३२ मध्ये पिरखान आणि शिकल यांनी खुद्द याखिमोवच्या खाणकामगारांबद्दल तसाच लेख प्रसिद्ध केला. म्हणजे वर पॅलेसमध्ये श्रीमंत पाहुणे ज्या वायूत तब्येत सुधारायला डुंबत होते, त्याच वायूने खाली खाणीत माणसं मरत होती.

याहून काळा अध्याय पुढचा आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर, नोव्हेंबर १९४५ मध्ये, चेकोस्लोव्हाकियाने सोव्हिएत संघाशी युरेनियमचा करार केला. स्टालिनला बॉम्ब हवा होता. खाणीत आधी जर्मन युद्धकैदी उतरवले, आणि १९४९ पासून राजकीय कैदी. शिक्षक, शेतकरी, पाद्री, बालवीर चळवळीतली पोरं. छावण्यांची नावं काय होती माहीत आहे? स्वोर्नोस्त, रोव्नोस्त, ब्रात्रस्त्वी. मराठीत सांगायचं तर एकोपा, समता, बंधुता. शेवटच्या छावण्या १९६१ मध्ये बंद झाल्या, युरेनियम काढणं १९६४ मध्ये थांबलं. जवळच एक लाल विटांचा मनोरा आहे, तिथे कैदी उघड्या हातांनी खनिज दळून पिंपांत भरत. 'मृत्यूचा मनोरा' म्हणून ओळखला जाणारा तो मनोरा २०१९ पासून युनेस्कोच्या जागतिक वारशात आहे. आणि स्वोर्नोस्तची खाण अजून चालू आहे, फक्त स्नानगृहांना पाणी पुरवण्यासाठी. सुमारे पाचशे मीटर खोलीवरून ते पाणी वर येतं.

आता शास्त्राकडे वळू. नात्यातल्या गुडघेदुखीवाल्या मंडळींना उत्सुकता आहे ती याचीच :)

रेडॉन हा रेडियमच्या विघटनातून तयार होणारा वायू. त्याचं अर्धायुष्य ३.८ दिवस. टबात पडलं की त्यातला थोडा कातडीतून, थोडा श्वासातून आत जातो, आणि बराचसा काही तासांत श्वासावाटे बाहेर पडतो. खरा धोका वायूचा कमी, त्याच्या पिलावळीचा जास्त. त्यातून तयार होणारे पोलोनियमसारखे अणू फुप्फुसाच्या आतल्या अस्तराला चिकटतात आणि तिथेच अल्फा कण सोडतात. १९८८ मध्ये रेडॉन अधिकृतपणे कर्करोगकारक ठरला. २००५ मध्ये युरोपातल्या तेरा अभ्यासांची बेरीज केली तेव्हा दिसलं की घरातल्या हवेत दर घनमीटरला १०० बेक्वेरेल रेडॉन वाढला की फुप्फुसाच्या कर्करोगाची शक्यता सुमारे १६ टक्क्यांनी वाढते. सिगारेट ओढणाऱ्याची मूळ शक्यताच मोठी, त्यामुळे त्याच्यासाठी ही वाढही मोठी.

दुसरी बाजूही प्रामाणिकपणे सांगायला हवी. २००० साली जर्मनीतल्या बाड ब्राम्बाख इथल्या एका चाचणीचे निकाल आले. संधिवाताच्या ६० रुग्णांचे दोन गट केले होते. एकाला कार्बन डायऑक्साइडसह रेडॉनचं पाणी, दुसऱ्याला नुसतं कार्बन डायऑक्साइडचं. उपचार संपले तेव्हा दोन्ही गटांना बरं वाटत होतं. सहा महिन्यांनी मात्र रेडॉनवाल्यांचं दुखणं जास्त कमी होतं. म्हणजे काहीतरी असावं. थोड्या किरणोत्सर्गाने शरीरातला दाह शमत असावा, असा अंदाज आहे. पण अशा चाचण्या थोड्या, रुग्ण कमी, आणि गरम पाणी, विश्रांती, डोंगरातली हवा यांचा वाटा वेगळा काढणं कठीण. हा दिलासा आहे, दुखणं मुळातून बरं करणं नव्हे. गरोदर बायकांना आणि मुलांना हे उपचार देत नाहीत, तेही योग्यच.

एका कोर्समधला किरणोत्सर्ग साधारण आपल्याला वर्षभरात निसर्गातून मिळतो त्याच्या आसपास किंवा कमी. साठीतल्या, रोज वेदनाशामक गोळ्या खाऊन पोट बिघडवून घेतलेल्या माणसाने हा सौदा केला तर मी त्याला वेडा म्हणणार नाही. त्याला माहिती आहे, तो स्वतः ठरवतो, आणि तीन आठवड्यांनी घरी जातो.

आणि मला वाटतं सगळा फरक याच शेवटच्या वाक्यात आहे. मात्रेने विष ठरतं, हे आपण नेहमी ऐकतो. याखिमोवचा इतिहास त्यात एक भर घालतो: मात्रा कोण ठरवतं? पॅलेसमधल्या पाहुण्याची मात्रा डॉक्टरने मोजून दिली. खाणकामगाराची मात्रा पोटाने ठरवली. कैद्याची सरकारने ठरवली, आणि त्याला काय मिळतंय हे सांगितलंही नाही. वायू एकच होता.

तेव्हा मंडळी, कुणी कार्लोव्ही व्हारीच्या सहलीला गेलात तर वीसेक किलोमीटरवरच्या या गावात जरूर जा. टबात उतरायचं की नाही ते तुमच्या डॉक्टरला विचारा. पण त्या लाल मनोऱ्यापाशी थोडा वेळ उभे राहा.