नाईल आणि तिच्या काठच्या गृहिणी

जगातील मोठ्या नद्यांची नावे आपण सर्वांनी शाळेत पाठ केली आहेत. त्यांत नाईलचा मान निराळा. सुमारे ६,६५० किलोमीटर लांबीची ही नदी दक्षिणेकडून उत्तरेकडे वाहते. पांढरी नाईल व्हिक्टोरिया सरोवरातून निघते, निळी नाईल इथिओपियातील टाना सरोवरातून. सुदानमध्ये खार्टूम येथे दोघींचा संगम होतो आणि पुढे वाळवंट कापीत ती इजिप्तमधून भूमध्य समुद्रास मिळते.

इजिप्तमध्ये पाऊस जवळजवळ पडतच नाही. तरी तेथे हजारो वर्षे शेती पिकली, ती इथिओपियाच्या डोंगरांवरील पावसामुळे. त्या पावसाने दरवर्षी नाईलला पूर येई आणि काठावर काळा गाळ पसरे. कैरोतील रोडा बेटावर पाणी मोजण्याचा ८६१ सालचा खांब अद्याप उभा आहे. पूर किती चढला यावरून सारा ठरवीत.

पुढे माणसाने या पुरास वेसण घालावयाचे ठरविले. आस्वान येथे १९०२ साली पहिले धरण पुरे झाले. १९१२ आणि १९३३ मध्ये त्याची उंची वाढविली. प्रत्येक वेळी वरच्या अंगास राहणाऱ्या नुबियन लोकांची शेते बुडाली. पुरुष पोटासाठी कैरो, अलेक्झांड्रियाकडे गेले. मागे राहिल्या बायका, मुले आणि म्हातारी माणसे. पाणी चढले की घर आणखी उंचावर बांधावयाचे आणि पुन्हा संसार मांडावयाचा, हे त्या घरांच्या नशिबी आले.

१९६० साली मोठ्या धरणाचे काम सुरू झाले. ते १९७० मध्ये पुरे झाले. त्याने वीज दिली, बारमाही पाणी दिले, दुष्काळात इजिप्तला तारले. हे ऋण नाकारता येणार नाही. पण गाळ धरणामागेच अडला आणि जुना नुबिया पाण्याखाली गेला.

अबू सिंबेल येथील रामसेस राजाचे व त्याची राणी नेफरतारी हिचे मंदिर वाचविण्यासाठी युनेस्कोच्या हाकेस अनेक देश धावले. १९६४ ते १९६८ या काळात दगड कापून दोन्ही मंदिरे सुमारे ६५ मीटर उंच नेऊन पुन्हा उभारली. भारताच्या पुरातत्त्व खात्याचे पथकही १९६२ मध्ये नुबियात उत्खननास गेले होते.

दगडांची अशी काळजी घेतली गेली. माणसांचे काय झाले? इजिप्तमधील सुमारे पन्नास हजार नुबियन कोम ओम्बोकडे हलविले गेले, सुदानमधील जवळजवळ तितकेच दूर आटबारा नदीकाठी. बायकांनी हाताने लिंपून रंगविलेल्या, चिनी बशा बसवून सजविलेल्या भिंती धरणाच्या पाण्यात विरघळल्या. कोम ओम्बोची नवी घरे एकमेकांस चिकटून, नदीपासून दूर होती. इजिप्तच्या २०१४ च्या राज्यघटनेने दहा वर्षांत नुबियनांना मूळ प्रदेशी परत नेण्याचे वचन दिले. ती मुदत उलटली. वचन अपुरेच आहे.

भगिनींनो, नदीचा इतिहास लिहिताना धरण बांधणाऱ्यांची नावे येतात, तशी तीन वेळा घर उचलून चौथ्यांदा चूल पेटविणारीचीही नोंद व्हावयास हवी. तिच्या घराची खरी किंमत कोणत्याही अंदाजपत्रकात मावणारी नव्हती.