जब्यानंतरचा सोमनाथ : केमच्या एका नटाची कारकीर्द

नटाचा इतिहास म्हटलं की आपण त्याचे सिनेमे मोजतो. आज आपण सोमनाथ अवघडे या नटाकडे पाहणार आहोत. त्याच्या बाबतीत सिनेमांमधली मोकळी वर्षंही वाचावी लागतात.

आधी मुलूख लक्षात घेऊ. भीमेवरच्या उजनी धरणाचं काम 1980 च्या सुमारास पुरं झालं. पाण्याखाली गावं गेली, काठाला ऊस आला. या पाण्यापासून थोडं आत, दौंड-सोलापूर लोहमार्गावर, करमाळा तालुक्यातली जेऊर आणि केम ही गावं आहेत. जेऊर दिग्दर्शक नागराज मंजुळे यांचं. केम कुंकवासाठी प्रसिद्ध, आणि सोमनाथ तिथला.

मंजुळे यांच्या नजरेत सोमनाथ भरला तो हलगी वाजवताना. ही गोष्ट आपण कौतुकाने सांगतो, पण तिच्यामागचा इतिहास विसरतो. गावगाड्यात हलगी ही ठरावीक जातींच्या वाट्याला टाकलेली सेवा होती. जत्रा असो, लग्न असो, मयत असो, वाजवायला बोलवायचं आणि पंगतीला मात्र लांब बसवायचं. हात, ताल, चपळाई सगळं होतं, पण त्याला कला कुणी म्हणत नव्हतं. कामच ते! थोडक्यात, या भागात कलावंत नव्हते असं नाही. मोजणारे नव्हते.

‘फँड्री’ नेमका याच दुखण्यावर बोट ठेवतो. डुकरं पकडायचं काम गावाने ज्या घराच्या गळ्यात बांधलं, त्या घरातला जब्या सोमनाथने उभा केला. समोर बापाच्या भूमिकेत किशोर कदम यांच्यासारखा मुरलेला नट होता, तरी पोरगा कुठे कमी पडला नाही. वर्गातल्या मुलीला आपण दिसू नये म्हणून त्याची जी लपालपी चालते, ती आठवा. संवाद जवळजवळ नाहीत, नुसती मान आणि डोळे. सिनेमा 14 फेब्रुवारी 2014 ला लागला आणि 61 व्या राष्ट्रीय पुरस्कारांत सोमनाथ उत्कृष्ट बालकलाकार ठरला. तमिळ ‘तंगा मीनकल’मधली साधना हिच्यासोबत हा मान विभागून होता.

आणि मग? नायक म्हणून तो पडद्यावर आला सुनील मगरे यांच्या ‘फ्री हिट दणका’मध्ये, 17 डिसेंबर 2021 ला. मध्ये जवळपास आठ वर्षं गेली.

हे एकट्या सोमनाथचं नाही. ‘सलाम बॉम्बे’साठी असाच राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेल्या शफीक सय्यदने पुढे बंगळूरात रिक्षा चालवली. इटलीच्या ‘बायसिकल थीव्हज’चा नायक, कारखान्यातला कामगार लाम्बेर्तो माज्जोरानी, सिनेमानंतर कामावरून गेला. अस्सल चेहरा हवा म्हणून माणूस आणतात. पण पुढची भूमिका लिहिताना तोच चेहरा कुणाला आठवत नाही.

शेजारच्या माढा तालुक्यातल्या तानाजी गळगुंडेची वाट थोडी वेगळी. ‘सैराट’ (2016) नंतर 2021 मध्ये ‘मन झालं बाजिंद’ या मालिकेतून तो घराघरांत गेला. मालिकेत नट रोज दिसतो, रोजचं काम मिळतं. ‘फ्री हिट दणका’मध्ये हे दोघे एकत्र आले. तरी दोघांनाही लोक हाक मारतात ती जुन्याच भूमिकेच्या नावाने. त्यात प्रेम आहे, आणि कोंडीही.

म्हणून आमचं म्हणणं एवढंच. ‘पुढे त्याचं काय झालं?’ हा प्रश्न आपण नटाला विचारतो, तो धंद्याला विचारला पाहिजे. मुंबई-पुण्याच्या कथांत केम-जेऊरच्या बोलीला, रंगाला, अंगकाठीला नायकाची जागा किती? हलगीला गावाने सेवा म्हटलं, कला म्हटलं नाही. जब्याला ‘नैसर्गिक’ म्हणून आपणही तेच करतो. पोरगा मुळात तसाच आहे, असं म्हटलं की त्याची मेहनत पुसली जाते. तो अभिनय होता. इतिहासात त्याची नोंद तशीच झाली पाहिजे.