मुंजीआधीची वर्षे

उपनयनापूर्वी बालकाने हवे तसे वागावे, हवे ते बोलावे आणि हवे ते खावे, अशी मोकळीक गौतमधर्मसूत्राने दिलेली आहे. आणि धर्मशास्त्रकारांची एरवीची कठोरता ध्यानी घेता त्यांचे हे औदार्य मला फार हृद्य वाटते. कऱ्हेकाठच्या मोरगावी पुजाऱ्याचे वा कुलकर्ण्याचे पोर मयूरेश्वरासमोरच्या नंदीभोवती हुंदडे, भाद्रपदात आणि माघात चिंचवडहून येणाऱ्या पालखीपुढे धावे, कोणाच्याही पानातला घास उचली, ते याच सनदेच्या बळावर.

आठव्या वर्षी ही सनद खालसा होई. मुंजीच्या सकाळी, क्षौराच्या आधी, मातृभोजनाला आई मुलाला जवळ घेऊन एकाच ताटात जेवी. शेजारी इतर मुंजे बटू पंक्तीला बसलेले असत, आणि उद्यापासून हा आपल्या उष्ट्याला शिवणार नाही हे जाणून ती माउली डोळे पुशीत त्याला भरवीत राही. मग मुंडन, कमरेला मेखला, हाती पळसाचा दंड. त्यामागोमाग संध्या, सोवळेओवळे, मोडीचा कित्ता आणि पावकी-निमकी, कारण बापाचे दप्तर पुढे त्यालाच सांभाळावयाचे असे.

या संस्काराने निदान मातेचा वियोग ओळखला होता. मुलीचा विवाह हेच तिचे उपनयन, असे स्मृतींनी ठरविले; पण ज्या वयात भावाला मातृभोजनाचे ताट मिळे, त्याच वयात ती सासरच्या चुलीपुढे बसलेली असे. आणि भोवतालच्या जिरायत माळावर कोकरांमागे काठी घेऊन निघालेल्या धनगराच्या पोराला तर कोणी मुहूर्तही विचारला नाही.

याच कऱ्हेच्या वरच्या अंगाला, पुरंदरावर, १८ एप्रिल १७७४ रोजी सवाई माधवराव जन्मले आणि चाळीसाव्या दिवशी पेशवाईची वस्त्रे त्यांच्या नावे आली. शास्त्राने दिलेली आठ वर्षेही दौलतीने त्यांना धड लाभू दिली नाहीत. १७८३ मध्ये लग्न, सारा काळ नाना फडणविसांच्या करड्या देखरेखीखाली. आणि ऑक्टोबर १७९५ मध्ये, एकविसाव्या वर्षी, शनिवारवाड्याच्या माडीवरून पडून अंत. ती उडी की अपघात, हा वाद इतिहासकारांनी खुशाल घालावा. मला त्या पोरक्या मुलाची कणव येते.

पुढे १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीच्या लग्नाला चौदा वर्षांची मर्यादा घातली. १९५० च्या कायद्याने कुलकर्णी वतने संपुष्टात आली, आणि ज्या दप्तरापायी कुलकर्ण्याच्या पोराला खेळातून उठविले जाई, ते सरकारी तलाठ्याच्या हाती गेले.