पाणीपुरवठा कंपन्या, खासगी

भागधारकांच्या भांडवलातून जलसाठे, शुद्धीकरण केंद्रे व नळव्यवस्था उभारून एखाद्या प्रदेशास पाणी विकणाऱ्या व्यापारी संस्था. एकाच वस्तीत दोन नळव्यवस्था टाकणे सहसा परवडत नसल्याने अशी कंपनी स्वभावतःच मक्तेदार ठरते. त्यामुळे दर व दर्जा यांवर नियंत्रण कोणाचे आणि तोटा कोणी सोसावयाचा, हे प्रश्न तिच्या इतिहासात पुनःपुन्हा उद्‌भवले.

ह्यू मिडल्टन याने १६१३ मध्ये लंडनला कालव्याने पाणी आणले. त्याच्या न्यू रिव्हर कंपनीस १६१९ मध्ये राजसनद मिळाली. दक्षिण लंडनमध्ये दोन कंपन्यांचे नळ शेजारीशेजारी होते. १८५४ च्या पटकीच्या साथीत टेम्सचे दूषित पाणी देणाऱ्या कंपनीच्या दर १०,००० घरांमागे ३१५, तर नदीच्या वरच्या भागातील पाणी देणाऱ्या कंपनीच्या घरांमागे ३७ मृत्यू झाल्याचे जॉन स्नो या वैद्याने दाखविले. लंडनच्या कंपन्यांचा कारभार १९०४ मध्ये सार्वजनिक मंडळाकडे गेला. इंग्लंड व वेल्समध्ये १९८९ साली पुन्हा खासगीकरण झाले.

भारतात असे भांडवल प्रथम सिंचनात आले. ओरिसातील कालव्यांसाठी स्थापन झालेली ईस्ट इंडिया इरिगेशन अँड कॅनॉल कंपनी अडचणीत येऊन तिची कामे सरकारने १८६८ मध्ये विकत घेतली. कर्नूल–कडप्पा कालवा खोदणाऱ्या मद्रास कंपनीला दहा लक्ष पौंडांच्या भांडवलावर ५ टक्के व्याजाची सरकारी हमी होती. तोही कालवा १८८२ मध्ये सरकारकडे आला. हमीमुळे नफा भागधारकांचा आणि जोखीम करदात्यांची, अशी विभागणी झाली. मुंबईत विहार तलावाची योजना (१८६०) मात्र सरकारी खर्चानेच झाली.

महाराष्ट्रातील सर्वांत निकटचे उदाहरण नागपूरचे होय. तेथील अंबाझरी तलावावरील नळयोजना एकोणिसाव्या शतकात अलेक्झांडर बिनी या अभियंत्याने आखली. धरमपेठेतील पथदर्शी प्रयोगानंतर व्हिओलिया व विश्वराज यांनी संयुक्तपणे स्थापिलेल्या ऑरेंज सिटी वॉटर कंपनीकडे मार्च २०१२ मध्ये शहराचा पाणीपुरवठा २५ वर्षांच्या कराराने सोपविण्यात आला. सुधारणांच्या भांडवली खर्चापैकी सु. ७० टक्के केंद्र व राज्य शासनांनी आणि उर्वरित कंपनीने द्यावयाचा होता. जलस्रोत, नळ व दर ठरविण्याचा अधिकार महानगरपालिकेकडेच राहिले. चोवीस तास पाण्याचे उद्दिष्ट मात्र ठरलेल्या पाच वर्षांत संपूर्ण शहरात साध्य झाले नाही.

वाशीम जिल्ह्यातील जऊळक्यासारख्या गावी नळ लांब व ग्राहक थोडे असल्याने कंपनीस नफ्याची आशा नसते. तेथे पिण्याच्या पाण्याची सोय हे १९५८ च्या अधिनियमानुसार ग्रामपंचायतीचे काम आहे. नफ्याच्या हिशेबात न बसणाऱ्या वस्त्यांची ही जबाबदारी सार्वजनिक संस्थांकडेच राहिली आहे.