टाकीवरचे स्वस्तिक

दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी मोहालीत यंत्रे विसावतात. पंजाबात तो विश्वकर्मा दिन. आपल्याकडे खंडेनवमीला शस्त्रे-अवजारे पुजतात तशीच इथे कारखान्यातल्या लेथपासून गल्लीतल्या गॅरेजच्या पान्यांपर्यंत सगळ्यांची पूजा होते. १९७४पासून स्वराज ट्रॅक्टर घडवणाऱ्या या शहराला ते शोभतेच. एखाद्या मोटरसायकलच्या टाकीवर कुंकवाचे स्वस्तिक असते, हँडलला मौलीचा लाल धागा.

केनेथ अँगरच्या ‘स्कॉर्पिओ रायझिंग’ (१९६३) या लघुपटावरचे एक इंग्रजी टिपण मराठीत आणताना मला ती टाकी आठवत राहिली. साधारण २८ मिनिटांच्या या चित्रपटात संवाद नाहीत. १३ पॉप गाणी आहेत. न्यूयॉर्कमधले तरुण आपल्या मोटरसायकली जुळवतात, क्रोम चकचकीत करतात. ‘ब्लू व्हेल्वेट’ हे प्रेमगीत चालू असताना ते अंगावर जीन्स चढवतात. मन लावून केलेले ते पुसणे मला परके वाटले नाही. पुढे मात्र येशूवरच्या एका धार्मिक चित्रपटाचे तुकडे येतात, हिटलर येतो, नाझी झेंडे येतात. शेवटी शर्यत, मृत्यू आणि पोलिसांचा लाल दिवा. १९६४मध्ये लॉस एंजेलिसमध्ये हा चित्रपट दाखवणाऱ्या चित्रगृहाच्या व्यवस्थापकावर अश्लीलतेचा खटला झाला. तो दोषी ठरला, पण वरच्या न्यायालयात तो निकाल टिकला नाही.

माझे मराठी अडले ते झेंड्यापाशी. नाझी पक्षाने १९२०मध्ये स्वीकारलेल्या त्या चिन्हाला जर्मनमध्ये ‘हाकेनक्रॉयत्स’ म्हणतात, म्हणजे आकड्यांचा क्रूस. इंग्रजीने त्याला आपला ‘स्वस्तिक’ चिकटवला. ‘सु’ आणि ‘अस्ति’पासून झालेला हा मंगलवाचक शब्द त्या झेंड्यासाठी मराठीत परत कसा घ्यायचा? मी ‘आकड्यांचा क्रूस’ लिहिले आणि सुटल्यासारखे वाटले. उंबरठ्यावरचे आपले, झेंड्यावरचे त्यांचे.

त्या सुटकेचाच मग संशय आला. अँगर प्रेक्षकाला अशी सुटका देत नाही. क्रोम पुसणाऱ्यांच्याच जगात तो झेंडा फडकतो. यंत्रावरची भक्ती कुणाच्या पायाशी जाऊन बसेल, हे यंत्र ठरवत नाही. भक्ताने ते पाहायचे असते. चिन्हांचा इतिहास वेगळा आहे, हे खरेच. ते मी तळटीपेत सांगितले. मजकुरात मात्र ‘नाझी स्वस्तिक’ असेच ठेवले. मराठी वाचक तिथे ठेचकाळेल. ठेचकाळू दे.