विमानातून उतरलेली मांजरं

आज सुरुवात एका कबुलीने करतो. मागे एका भागात मी सांगितलं होतं की बोर्निओमध्ये विमानातून 14,000 मांजरं सोडली. तुमच्यापैकी काहींनी विचारलं, एवढी मांजरं गोळा कुठून केली? प्रश्न बरोबर होता, चूक माझी होती.

गोष्ट आहे सारावाकची, तेव्हाच्या ब्रिटिश वसाहतीची. 1950 च्या दशकात तिथे हिवतापाविरुद्ध घराघरांत डीडीटी आणि डिल्ड्रिन फवारलं गेलं. रक्त पिऊन झालं की डास भिंतीवर विसावतो, म्हणून औषध भिंतीवर मारायचं. पण त्याच भिंतीला मांजरही अंग घासतं आणि मग तासन्‌तास स्वतःला चाटत बसतं. अंगाला लागलेलं विष असं पोटात जातं. मांजरं मेली, उंदीर माजले.

मग मार्च 1960 मध्ये ब्रिटिश हवाई दलाच्या विमानाने केलाबित डोंगराळ भागातल्या बारिओ गावी पॅराशूटने मांजरं उतरवली. हे खरंच घडलंय. पण दलाच्या नोंदीत आकडा आहे वीसच्या थोडा वर! आणि झुरळ खाऊन पाल, पाल खाऊन मांजर मेलं, ही साखळी ऐकायला छान वाटते, पण तिला भक्कम पुरावा नाही. चाटण्याचं कारण साधं आहे आणि जास्त पटणारं.

आता हे आज का सांगतोय? कारण भिंतीची जागा आता छोट्या ट्यूबने घेतलीय. 1973 साली इंग्लंडमध्ये रॉथमस्टेडला मायकेल एलियट यांच्या गटाने परमेथ्रिन तयार केलं. कुत्र्यांच्या गोचिडांवरच्या बऱ्याच औषधांत ते असतं. कुत्र्याला ते सहसा सोसतं. मांजराच्या यकृतात मात्र अशा रसायनांचा निचरा करणारी यंत्रणा फार दुबळी असते. कुत्र्याचं औषध 'थोडंसंच' म्हणून मांजराला लावलं, तर थरथर सुटते, झटके येतात, जीवही जातो. नुकतंच औषध लावलेल्या कुत्र्याला चाटलं, तरी धोका असतो.

तेव्हा घरात दोन्ही प्राणी असतील तर वेष्टन नीट वाचा. त्यावर मांजराचं नाव नसेल तर ते औषध मांजरासाठी नाही. आणि चुकून लागलंच, तर लक्षणांची वाट न बघता डॉक्टरांकडे पळा.

सारावाकमध्ये निदान विमान तरी आलं होतं. आपल्या मनीसाठी कोणी येणार नाही.